जुन्या रस्त्याचा इतिहास कसा लिहावा : ठाण्यातील जांभळी नाका ते टेंभी नाका या पट्ट्याच्या आधारे

ठाण्याच्या कोणत्याही जुन्या रस्त्याविषयी लिहायला बसले की लेखणी आपोआप शिलाहार राजघराण्याकडे वळते. श्रीस्थानक, म्हणजे जुने ठाणे, ही त्यांची राजधानी होती. अरिकेसरी राजाचा शके ९३९ चा, म्हणजे इसवी सन १०१७ चा ताम्रपट १७८७ मध्ये खोदकाम चालू असताना येथेच सापडला. मग पोर्तुगीज आले, मराठे आले, इंग्रज आले, १६ एप्रिल १८५३ रोजी बोरीबंदरहून आगगाडी आली, आणि एवढे सांगून होईपर्यंत लेख संपतो. यातील सगळे खरे आहे, परंतु ज्या रस्त्याविषयी लिहायचे होते त्यावरचे एकही घर, एकही दुकान, एकही विहीर त्यात येत नाही. शहर हजार वर्षांचे आहे म्हणून त्यातला प्रत्येक रस्ता हजार वर्षांचा ठरत नाही. रस्त्याचा इतिहास हा त्याच्या दुतर्फा असलेल्या मिळकतींचा इतिहास असतो आणि तो एकेका मिळकतीवरून जमवावा लागतो, याच भूमिकेतून पुढील मार्गदर्शन लिहिले आहे. उदाहरणासाठी जांभळी नाक्यापासून टेंभी नाक्यापर्यंतचा पट्टा घेतला असला, तरी हीच पद्धत चरई, खारकर आळी, महागिरी, उथळसर किंवा चेंदणी येथेही वापरता येईल.

हद्द आधी, नाव नंतर

पहिले काम म्हणजे रस्ता कुठे सुरू होतो आणि कुठे संपतो हे कागदावर लिहून काढणे. हे वाटते तितके सोपे नाही, कारण महापालिकेच्या दप्तरातील नाव, टपालाच्या पत्त्यातील नाव आणि रिक्षावाल्याला सांगायचे नाव ही तिन्ही पुष्कळदा वेगळी असतात. जुन्या ठाण्यात लोक रस्त्यापेक्षा नाका, आळी आणि तलाव यांवरून जागा ओळखतात. म्हणून प्रारंभी नावाच्या वादात न शिरता दोन ठळक टोके पक्की करावीत आणि मधले अंतर तीनशे ते चारशे मीटरांहून अधिक ठेवू नये. त्याहून लांब पट्टा घेतल्यास दोन्ही बाजूंच्या मिळकती मिळून संख्या शंभराच्या घरात जाते आणि हौसेने सुरू केलेले काम अर्ध्यावर राहते. आडव्या आळ्यांचे काय करायचे, तेही याच वेळी ठरवावे. माझ्या मते आळीच्या तोंडावरील दोन कोपऱ्यांची घरे घ्यावीत आणि आत शिरू नये.

रस्त्याला सध्याचे नाव केव्हा मिळाले, हे शोधण्याचा खात्रीचा मार्ग नगरपालिकेच्या ठरावांतून जातो. ठाण्याची नगरपालिका १८६३ मध्ये स्थापन झाली आणि १ ऑक्टोबर १९८२ रोजी तिची महानगरपालिका झाली. नामकरण हा सभेने ठराव करून घ्यायचा विषय असल्यामुळे त्याची नोंद इतिवृत्तात असते. नावाचा फलक किंवा कोनशिला पाहून वर्ष ठरवू नये, कारण ठराव आणि अनावरण यांत कित्येकदा एखादी निवडणूक होऊन गेलेली असते.

रस्त्यावर काय पाहावे

कागदांकडे वळण्यापूर्वी रस्ता पायी पाहावा, आणि तो रविवारी सकाळी दुकाने उघडण्याआधी पाहावा. जांभळी नाक्याचा बाजार एकदा भरला की हातगाड्या आणि ताडपत्र्यांपलीकडे इमारतीचा पहिला मजलासुद्धा नीट दिसत नाही. बरोबर वही, पेन्सिल, मोजपट्टी आणि मोबाइल एवढे पुरे. प्रत्येक मिळकतीला स्वतःचा एक तात्पुरता क्रमांक द्यावा; रस्त्याच्या एका बाजूला सम, दुसऱ्या बाजूला विषम. पुढे सिटी सर्व्हेचा, म्हणजे नगर भूमापनाचा, क्रमांक, घरक्रमांक, दुकानाचे नाव असे सगळे या तात्पुरत्या क्रमांकाला जोडत जावे. घरपट्टीचे क्रमांक वेळोवेळी बदललेले असतात, त्यामुळे केवळ त्यांच्यावर विसंबून राहिल्यास दोन घरांचा इतिहास एकात मिसळतो.

पाहताना नजर वरपासून खाली आणावी. कौलारू छप्पर शिल्लक असेल आणि दुरुस्तीसाठी उतरवलेली कौले कडेला रचलेली असतील, तर एक कौल उलटून पाहावे. मंगलोरी कौलांच्या पाठीवर कारखान्याचे नाव, गावाचे नाव आणि कधीकधी वर्षही उठावदार अक्षरांत असते. बासेल मिशनचा मंगळूरचा कौलांचा कारखाना १८६५ मध्ये सुरू झाला, त्यामुळे अशा कौलांचे छप्पर त्याआधीचे असू शकत नाही. मात्र याचा अर्थ घर १८६५ नंतरचे आहे असा होत नाही. छप्पर पावसाने खराब झाले की बदलले जाते, आणि नळीची कौले काढून त्यांच्या जागी मंगलोरी कौले घालणे ही कोकणपट्टीत अगदी नित्याची गोष्ट होती. वस्तूवरची तारीख ही केवळ त्या वस्तूची असते, हे सूत्र सतत ध्यानात ठेवावे.

हीच गोष्ट लोखंडी तुळयांची. पडझड झालेल्या किंवा गिलावा निघालेल्या इमारतीत सज्जाखालची तुळई उघडी पडते आणि तिच्या उभ्या पट्टीवर बनवणाऱ्या कंपनीचे नाव वाचता येते. जुन्या मुंबईत आणि तिच्या आसपास डॉर्मन लाँग हे विलायती नाव पुष्कळ दिसते. तुळईवर टाटांचे नाव असेल तर ती १९१२ नंतरचीच, कारण जमशेदपूरला, म्हणजे तेव्हाच्या साकचीला, पोलाद निघू लागले ते त्या वर्षी. सागवानी खांब, त्यांच्या तळाशी असलेले दगडी उथळे, दुकानाच्या उंबऱ्यात फळ्या सरकवण्यासाठी कोरलेली खाच, रस्त्याच्या पातळीहून खाली गेलेले जोते, या सगळ्यांची छायाचित्रे घ्यावीत. जोते किती खाली गेले आहे हे इंचांत मोजून ठेवावे. एकाच रांगेतील चार घरांची जोती सारख्याच प्रमाणात खाली असतील, तर त्या घरांनंतर रस्त्यावर किती भर पडली याचा अंदाज येतो. याउलट एखादेच जोते उंच असेल, तर ते घर मागाहून बांधलेले किंवा मागाहून उचललेले असण्याची शक्यता अधिक.

या पट्ट्याचे भाग्य असे की त्यावर आणि त्याच्या लगत अनेक धर्मांची जुनी स्थाने आहेत. मासुंदा तलावाकाठचे कोपिनेश्वर मंदिर आहे, तलावाच्याच काठी सेंट जॉन द बॅप्टिस्ट चर्च आहे, बाजाराजवळ जामा मशीद आहे, टेंभी नाक्यापाशी पारशांची १७८० ची अग्यारी आहे आणि बेने इस्रायली ज्यूंचे १८७९ चे शाआर हाशामाईम सिनेगॉग आहे. अशा वास्तूंना तारखा असतात आणि त्यांच्याभोवतीच्या निनावी घरांना नसतात, म्हणून या वास्तू खुंटीसारख्या वापराव्यात. परंतु प्रत्येक ठिकाणी कोणती तारीख आपण लिहितो आहोत याचे भान हवे. कोपिनेश्वराचे स्थान परंपरेने शिलाहारकाळापर्यंत नेले जाते. आजचे मंदिर १७६० च्या सुमारास कल्याणचे सरसुभेदार रामाजी महादेव बिवलकर यांनी बांधले. त्यानंतर लोकवर्गणीतून त्याची दुरुस्ती झाली. स्थान, बांधकाम आणि दुरुस्ती अशा तीन तारखा एकाच देवळाला असताना “मंदिर अमुक वर्षांचे जुने आहे” एवढेच लिहिणे म्हणजे वाचकाची फसवणूक आहे. देवळातील घंटा, समई, पायरी यांवर दात्याचे नाव आणि मिती कोरलेली असते, ती अवश्य उतरवून घ्यावी. त्यात जवळच्या पेढीचा किंवा आळीचा उल्लेख मिळून जातो. अग्यारीत पारशांखेरीज इतरांना प्रवेश नसतो, तेव्हा बाहेरून वाचता येईल तेवढेच वाचावे. सिनेगॉगमध्ये आगाऊ परवानगी घेऊन जावे.

टिका नंबर आणि मिळकत पत्रिका

खरे काम येथून सुरू होते. ठाणे शहराचे नगर भूमापन टिकांमध्ये विभागलेले आहे. टिका म्हणजे नकाशाचा एक तुकडा, आणि त्या टिकेत प्रत्येक मिळकतीला स्वतंत्र सिटी सर्व्हे नंबर. त्यामुळे ठाण्यात केवळ सिटी सर्व्हे नंबर सांगून भागत नाही, “टिका नंबर किती?” हा प्रश्न खिडकीवरचा कर्मचारी आधी विचारतो. जुन्या सोसायट्यांच्या आणि दुकानांच्या करारांत पहिल्या पानावरच हे दोन्ही क्रमांक असतात, तेव्हा ओळखीच्या एका दुकानदाराकडून ते मिळवले की नगर भूमापन कार्यालयातून त्या संपूर्ण टिकेच्या नकाशाची नक्कल रीतसर अर्ज करून घेता येते. शेजारच्या मिळकतींचे क्रमांक नकाशावरच दिसतात, म्हणून प्रत्येकाकडे जाऊन विचारण्याची गरज उरत नाही.

नकाशा हाती आला की त्यावर एक पूर्ण दिवस घालवावा. मिळकतींचे आकारच बोलके असतात. रस्त्याला अरुंद तोंड आणि मागे लांबच लांब गेलेली पट्टी दिसली, तर पुढे दुकान, मध्ये राहते घर, मागे अंगण आणि विहीर अशी बाजारपेठेची जुनी रचना तेथे होती असे समजावे. एखाद्या ठिकाणी ओळीने चार-पाच मिळकतींची तोंडे तिरकी छाटल्यासारखी दिसत असतील, तर तेथे रस्ता मागाहून सरळ किंवा रुंद केला गेला असण्याचा संभव आहे. ठाण्याच्या बाबतीत आणखी एक गोष्ट पाहण्याजोगी आहे. आगगाडी येण्यापूर्वी शहराचे तोंड खाडीकडे, किल्ल्याकडे आणि बंदराकडे होते. १८५३ नंतर ते हळूहळू स्टेशनाकडे वळले. आपल्या पट्ट्यातील जुनी मोठी घरे कोणत्या दिशेला दर्शनी आहेत, आणि नंतरची दुकाने कोणत्या बाजूला दाटली आहेत, हे नकाशावर रंगाने दाखवले तर हा पालट डोळ्यांपुढे उभा राहतो.

नकाशानंतर मिळकत पत्रिका, म्हणजे बोलीभाषेतले प्रॉपर्टी कार्ड. त्यावर क्षेत्र, सत्ता प्रकार, धारकाचे नाव, भाडेपट्टा असल्यास त्याचा तपशील आणि खाली फेरफाराच्या तारीखवार नोंदी असतात. वारसाने, खरेदीखताने, बक्षीसपत्राने, न्यायालयाच्या हुकूमनाम्याने, अशी मालकी बदलण्याची कारणे त्यात लिहिलेली असतात आणि इतिहासलेखकाला कारणच हवे असते. रस्त्याच्या एका बाजूच्या सगळ्या पत्रिका एकत्र मांडल्या आणि फेरफारांच्या तारखा दशकवार लावल्या, तर कोणत्या दशकात मालकी स्थिर होती आणि कोणत्या दशकात भराभर विक्री झाली हे उघड दिसते. मग त्या दशकात शहरात काय घडत होते, हा प्रश्न विचारण्याला काही अर्थ असतो. पत्रिकेबरोबर जुनी चौकशी नोंदवही पाहायला मिळाली तर ती सोडू नये. पहिल्या भूमापनाच्या वेळी कोणी कोणत्या आधारावर हक्क सांगितला, हे तीत असते.

दोन सावधगिरीच्या गोष्टी. मिळकत पत्रिका जमिनीविषयी सांगते, तीवरच्या इमारतीविषयी नाही; धारकाचे नाव बदलले म्हणजे वाडा पाडला असे होत नाही. दुसरे असे की जुनी क्षेत्रे चौरस वारांत असतात आणि नवी चौरस मीटरांत. एक चौरस वार म्हणजे सुमारे ०.८३६ चौरस मीटर. हा हिशेब न केल्यास मिळकत आकसली असा भलताच निष्कर्ष निघतो आणि पुढच्या पिढीतील कोणीतरी त्यावर दावा लावण्याच्या गोष्टी करू लागतो.

चतुःसीमा : सगळ्यांत मोलाचा मजकूर

नोंदणीकृत खरेदीखत, गहाणखत किंवा वाटणीपत्र यांत मिळकतीचे वर्णन करताना चारही बाजूंना काय आहे ते लिहिण्याची पद्धत आहे. वकील मंडळी हा परिच्छेद कायद्याची पूर्तता म्हणून लिहितात आणि मालक तो वाचतही नाहीत, परंतु रस्त्याचा इतिहास लिहिणाऱ्याला याच्याइतका उपयोगी मजकूर दुसरीकडे कुठेही मिळत नाही.

पद्धत समजण्यासाठी एक कल्पित नमुना घेऊ. समजा एका खतात लिहिले आहे : “पूर्वेस सरकारी रस्ता, पश्चिमेस सार्वजनिक विहीर, दक्षिणेस तांबटाचे घर, उत्तरेस सहा फुटी बोळ.” ही आपल्या क्रमांक १२ ची मिळकत; तांबटाचे घर म्हणजे तिच्या दक्षिणेचा क्रमांक १०. आता तीस वर्षांनंतरच्या, क्रमांक ८ च्या खतात उत्तरेची बाजू सांगताना “भांड्यांचे दुकान” असे येते, आणि त्याहून नंतरच्या खतात त्याच जागी “लॉजिंगची इमारत” येते. क्रमांक १२ आणि ८ चे मालक स्वतःच्या घरांविषयी लिहीत आहेत, पण नकळत त्यांनी मधल्या मिळकतीचा तीन टप्प्यांचा इतिहास नोंदवून ठेवला आहे. तांबट तेथे राहत होता, मग घराच्या पुढच्या भागात दुकान आले, मग सगळेच पाडून लॉजिंग झाले. आणि क्रमांक १२ च्या पुढच्या खतात पश्चिमेला विहिरीऐवजी “मोकळी जागा” आली असेल, तर ती विहीर कोणत्या दोन तारखांच्या दरम्यान बुजवली गेली हेही कळते. शेजाऱ्याने दिलेली ही साक्ष अधिक विश्वासार्ह मानावी, कारण त्यात त्याचा स्वार्थ नसतो. अपवाद एकच : सामाईक भिंत किंवा बोळ यांबद्दल तंटा चालू असेल, तर त्या बाजूचे वर्णन दोन्ही खतांतून ताडून पाहावे.

ही खते मिळवण्याच्या वाटा दोन. पहिली वाट मालकांकडून. ती मनधरणीची आहे. कागद घराबाहेर नेण्याचा आग्रह धरू नये. त्यांच्याच ओटीवर बसून केवळ चतुःसीमेचा परिच्छेद उतरवून घ्यावा आणि किंमत, हिस्से, कर्ज यांच्याकडे ढुंकूनही पाहू नये. दुसरी वाट दुय्यम निबंधक कार्यालयाची. तेथील सूची क्रमांक दोनमध्ये मिळकतीवरून दस्त शोधता येतो आणि ठरलेली फी भरून शोध घेता येतो. अलीकडचे दस्त नोंदणी विभागाच्या संकेतस्थळावरील ई-सर्चमध्ये सापडतात. महसुली अभिलेखांपैकी पुष्कळसे जुने कागद स्कॅन होऊन “आपले अभिलेख” या सरकारी संकेतस्थळावर आले आहेत, तेथेही चाचपून पाहावे. महापालिकेकडील कर आकारणीच्या नोंदवह्या, बांधकाम परवानग्या आणि रस्तारुंदीकरणाचे नकाशे माहितीच्या अधिकारात मागता येतात. अर्जाची फी १० रुपये आणि उत्तराची मुदत ३० दिवस. अर्जात “या रस्त्याची सर्व माहिती द्यावी” असे कधीही लिहू नये. “अमुक टिका, अमुक सिटी सर्व्हे नंबर, अमुक ते अमुक वर्षांतील कर आकारणी नोंदवहीचे उतारे” असे नेमके लिहावे. मोघम अर्जाला मोघमच उत्तर येते.

कोणत्या काळाचा कागद कुठे

येथवरची साधने साधारण शंभर-सव्वाशे वर्षे मागे नेतात. त्याआधीचे शोधायचे असेल तर ठाणे कोणाच्या अमलात केव्हा होते, यावर दप्तरखाना ठरतो. साष्टीच्या मोहिमेत मराठ्यांनी मार्च १७३७ मध्ये ठाणे घेतले आणि डिसेंबर १७७४ मध्ये इंग्रजांनी ते जिंकले. म्हणजे मराठी अंमल अवघ्या सदतीस-अडतीस वर्षांचा. त्यापूर्वीचे कागद पोर्तुगीज भाषेत आणि मुख्यतः गोव्याच्या पुराभिलेखागारात. त्या सदतीस वर्षांचे पुण्याच्या पेशवे दप्तरात आणि मोडीत. १७७४ नंतरचे मुंबईच्या राज्य पुराभिलेखागारात, म्हणजे काळा घोड्याजवळ एल्फिन्स्टन महाविद्यालयाच्या इमारतीत, आणि बहुतांशी इंग्रजीत. “आमचा वाडा पेशवेकालीन आहे” असे कोणी सांगितले, तर त्याचा अर्थ ठाण्यापुरता १७३७ ते १७७४ एवढाच होऊ शकतो, हे आधी स्वतःला बजावावे. वाड्याची लाकूडकामाची धाटणी पेशवाई असली, तरी ती धाटणी पेशवाईनंतरही शंभर वर्षे चालू होती.

मोडी कागद वाचता येत नसेल तर वाचणारा शोधावा, पण कालगणना स्वतः शिकून घ्यावी. शकात ७८ मिळवले की इसवी सन येतो. जानेवारीपासून फाल्गुनाच्या अखेरीपर्यंतच्या तारखांना ७९ मिळवावे लागतात. मराठी दप्तरातला सुहूर सन मृग नक्षत्राला बदलतो आणि तो अरबी अंकशब्दांत लिहिलेला असतो. “सबा सलासीन मया व अलफ” म्हणजे सात, तीस, शंभर आणि हजार, मिळून ११३७. त्यात जूनपासून डिसेंबरपर्यंत ५९९ आणि जानेवारीपासून मे महिन्यापर्यंत ६०० मिळवायचे. म्हणजे हे वर्ष १७३६-३७, ज्यात ठाण्याची मोहीम झाली ते.

इंग्रजी साधनांपैकी सर्वांत हाताशी असलेले साधन म्हणजे १८८२ चे मुंबई इलाख्याचे ठाणे जिल्हा गॅझेटिअर. त्याचा तेरावा खंड जिल्ह्याचा आणि चौदावा खंड स्थळांचा; दोन्ही इंटरनेटवर मोफत मिळतात. शोधताना शहराचे नाव रोमन लिपीत तीन-चार प्रकारे लिहून पाहावे, कारण जुन्या दप्तरात टाना, टन्ना, थाना अशी रूपे एकाच शहराच्या नावाची आहेत. गॅझेटिअरमधून रस्ता मिळत नाही. तलाव, देवळे, बाजार, कारागीर आणि व्यापार यांची चौकट मिळते. ते साहेबाच्या कारभारासाठी लिहिलेले पुस्तक आहे, त्यामुळे महसूल आणि जाती यांवर त्याची नजर घट्ट असते आणि एखाद्या आळीतल्या शेजारावर जवळजवळ नसते.

ग्रंथसंग्रहालय आणि जुन्या जाहिराती

ठाण्याला मराठी ग्रंथ संग्रहालय १८९३ पासून आहे, आणि ही या कामातील फार मोठी सोय आहे. अरुणोदय हे साप्ताहिक १८६६ पासून ठाण्यातून निघत होते. त्याचे किंवा नंतरच्या सन्मित्र, ठाणेवैभव यांसारख्या स्थानिक पत्रांचे जे अंक जेथे मिळतील तेथे बातम्यांपेक्षा आधी जाहिराती पाहाव्यात. दुकान कुठे आहे हे सांगताना जाहिरात देणारा जवळची सर्वपरिचित खूण सांगतो, आणि ती खूण त्या वर्षी अस्तित्वात होती याचा तो पुरावा होतो. शाळांच्या आणि गणेशोत्सव मंडळांच्या स्मरणिकाही याच कारणासाठी चाळाव्यात. त्यांतील लेख बहुधा शिलाहारांपासूनच सुरू होतात. ते ओलांडून मागच्या पानांवरील वर्गणीदारांच्या याद्या आणि अर्ध्या पानाच्या जाहिराती यांवर थांबावे.

माणसांना कसे विचारावे

आठवणी जमवताना सर्वांत निरुपयोगी प्रश्न म्हणजे “हे कोणत्या साली झाले?” ऐंशीच्या पुढच्या माणसाला साल आठवत नाही, आणि आपल्या आग्रहाखातर ते जे साल सांगतात ते पुढे पुरावा म्हणून फिरत राहते. त्याऐवजी ओळखीच्या घटनेला लावून विचारावे. “काका, समोरचा वाडा पाडला तेव्हा गडकरी रंगायतन झाले होते का?” असे विचारले की उत्तर झटकन येते, आणि रंगायतन १९७८ चे असल्यामुळे आपल्याला एक कड मिळते. ६५ च्या लढाईतील ब्लॅकआऊट, ७२ चा दुष्काळ, आणीबाणी, २६ जुलै २००५ चा पाऊस, या सगळ्यांचा असाच उपयोग होतो. आजींना घरातल्या घटनांवरून विचारावे : “आजी, तुम्ही लग्न होऊन आलात तेव्हा पाणी विहिरीचे होते की नळाचे?” लग्नाची तारीख त्यांना पक्की ठाऊक असते.

मुलाखत घरमालकाचीच घ्यावी असे नाही. तीन पिढ्यांचे भाडेकरू, वखारीतला हमाल, पहाटे पेपर टाकणारा, रस्त्यावर फुले विकणारी बाई यांना रस्त्याचा वावर मालकापेक्षा अधिक ठाऊक असतो, कारण मालक पुष्कळदा पाचपाखाडीला किंवा घोडबंदर रोडला राहायला गेलेला असतो. ध्वनिमुद्रण करण्यापूर्वी विचारावे, नाव छापायचे की नाही हे त्यांच्यावर सोडावे, आणि चालू असलेल्या पुनर्विकासाच्या किंवा पागडीच्या वादाविषयी कोणी काही सांगितले तर ते वहीतच राहू द्यावे.

मांडणी

लिहायला बसण्यापूर्वी प्रत्येक मिळकतीचे एक पान करावे आणि त्यावरील प्रत्येक विधानापुढे ते कागदावरून आले, वस्तूवरून आले की आठवणीवरून, हे लिहावे. तिन्ही जुळत असतील तर विधान निःशंकपणे करता येते. दोनच जुळत असतील तर कोणती दोन, हे वाचकाला सांगावे. आठवण आणि कागद यांत विरोध आला की कागदच खरा मानण्याची घाई करू नये. दुकान भावाच्या नावावर आणि चालवणारी वहिनी, असे कागद पुष्कळ असतात.

प्रत्यक्ष लेखात काळाचा क्रम धरावा की रस्त्याचा, याबद्दल मतभेद आहेत. माझा कौल रस्त्याच्या क्रमाला आहे. जांभळी नाक्यापासून निघून डाव्या हाताच्या मिळकती ओळीने सांगाव्यात, टेंभी नाक्यावरून वळून दुसऱ्या बाजूने परत यावे, आणि प्रत्येक ठिकाणी मिळेल तितके मागे जावे. यात काळ मागेपुढे होतो, पण वाचकाला हातात लेख घेऊन चालता येते आणि चूक असेल तर तेथला राहणारा माणूस ती लगेच दाखवून देतो. ज्या मिळकतीविषयी काहीच हाती आले नाही तिचा क्रमांक घालून जागा कोरी सोडावी. ती भरून देणारा बहुधा शेजारच्याच दुकानातून निघतो.

जुनी छायाचित्रे मिळाली तर ती मालकाच्या देखत ६०० डीपीआयवर स्कॅन करून तिथल्या तिथे परत करावीत, पाठीमागचा मजकूरही स्कॅन करावा, आणि कोणी, केव्हा, कोणत्या खिडकीतून काढले हे विचारून फाइलच्या नावातच घालावे. लेख पूर्ण झाला की त्याच्या छापील प्रती ज्यांनी कागद दाखवले त्या घरी पोहोचवाव्यात, आणि मिळकतींची पाने, नकाशे व ध्वनिमुद्रणे यांचा एक संपूर्ण संच, ज्यांनी नाव गुप्त ठेवायला सांगितले त्यांची नावे झाकून, ग्रंथसंग्रहालयाच्या संदर्भ विभागात देऊन त्याची पोच घ्यावी.